आठवी मार्गरीत

आमच्या घरमालकीणबाईंना नावाने हाक मारली नाही तर त्या ओ देत नसत, आणि वयाने आजी शोभेल अशा बाईला नावाने हाक मारणं मला या जन्मात जमलं नसतं. त्यामुळे पहिले कितीतरी महिने आमचा कारभार खाकरण्यावर आणि दार वाजवण्यावर चालला.

मी सगळे उपाय करून पाहिले. "मॅडम" म्हटलं तर म्हणाल्या, "मॅडम दुकानात असते." "आँटी" म्हटलं तर म्हणाल्या, "मी तुझ्या आईची बहीण? तुझ्या आईला विचारलंस का?" शेवटी मी आपलं "अहो" वर आले. ते त्यांना चाललं. मग एक दिवस त्यांनी मला ह्यांना जिन्यावरून हाक मारताना ऐकलं आणि कमरेवर हात ठेवून विचारलं, "म्हणजे नवऱ्याला आणि मला तू एकाच नावाने बोलावतेस?" मी कपाळावर हात मारला. आता काय सांगणार?

ही गोष्ट ऐंशीच्या दशकाच्या सुरुवातीची. न्यू हॅम्पशरमधलं नदीकाठचं एक गाव, लाल विटांच्या बंद पडलेल्या कापडगिरण्या आणि त्यांच्या सावलीत लाकडी तीनमजली घरांच्या रांगा. हे एका कॉम्प्युटर कंपनीत लागले होते. मला नोकरी करायचा व्हिसा नव्हता, म्हणून मी घरात. सांगलीची मुलगी, गप्प बसायची सवय नाही, आणि बोलायला माणूस कोण, तर खालच्या मजल्यावरच्या या बाई. त्यांचे आजी-आजोबा कॅनडातल्या क्वेबेकमधून गिरणीत कामाला आलेले. बाईंनी स्वतः चाळीस वर्षं सूत काढलं होतं. बुटक्या, पांढरे केस स्वतःच्याच कात्रीने कापलेले, अंगात मेलेल्या नवऱ्याचा स्वेटर, आणि हातात झाडू. झाडू केर काढायला नव्हे. त्याच्या दांड्याने त्या छत ठोकायच्या. एक ठोका म्हणजे खाली ये, दोन म्हणजे तुझा नळ चालू आहे, तीन म्हणजे सूप झालंय.

त्यांचं नाव मार्गरीत. पण ते या देशात कुणी घेतलंच नाही. गिरणीतल्या मुकादमाने कार्डावर 'मार्गारेट' लिहिलं, बँकेने तेच उचललं, आणि नवरा आयुष्यभर 'पेग' म्हणाला, ते म्हणजे मार्गारेटचंच इंग्रजी लाडाचं रूप. नवऱ्याला त्यांनी माफ केलं होतं, बाकी कुणाला नाही.

एकदा मी त्यांच्यासोबत डॉक्टरकडे गेले होते. नर्सने दारात येऊन पुकारलं, "मार्गारेट!" बाई विणत बसल्या. पुन्हा पुकारलं. बाईंनी टाका मोजला. मी त्यांना कोपराने ढोसलं तर म्हणाल्या, "ती बिचारी बाई आली नसेल." आमच्या मागून आलेले सहा पेशंट आत जाऊन बाहेर आले. माझ्या पोटात कावळे कोकलत होते. शेवटी मीच उठून नर्सला ते नाव नीट म्हणून दाखवलं, दोनदा. नर्सने तसं पुकारलं आणि बाई एखाद्या राणीसारख्या उठून आत गेल्या. परत येताना गाडीत मला म्हणाल्या, "तिला म्हणून दाखवलंस. मला का नाही म्हणत?"

या नावाची कुंडली बाईंना तोंडपाठ होती. बटाटे सोलताना, बर्फ ओढताना, मध्येच कुठूनही सुरू व्हायच्या. मूळ शब्द ग्रीक, अर्थ मोती. पण मोती काही ग्रीकांचे नव्हेत, ते पूर्वेकडून आले, आणि शब्दही तिकडूनच. एकदा त्यांनी वाचनालयातला जाडजूड कोश पोटाशी धरून जिना चढून आणला आणि ह्यांच्यापुढे आदळला. तिथे बारीक अक्षरात लिहिलं होतं की हा शब्द इराणातून आला असावा, आणि त्याच्याही मागे कदाचित संस्कृतातली 'मंजरी' असेल. पुढे प्रश्नचिन्ह होतं. हे म्हणाले, "पण इथे क्वेश्चन मार्क आहे." बाई म्हणाल्या, "ती छापखान्याची चूक आहे." त्या दिवसापासून त्यांचं नाव आमच्याकडूनच गेलं, आणि त्याची चांगली निगा राखल्याबद्दल आम्ही त्यांचे आभार मानायला हवेत, असा त्यांचा एकंदर रोख होता.

मग संतीण मार्गरीत. तिला राक्षसी सर्पाने अख्खी गिळली, आणि ती त्याचं पोट फाडून धडधाकट बाहेर आली. म्हणून ती बाळंतिणींची. फ्रान्समध्ये बाई अडली की तिच्या उशाशी या संतिणीची कथा वाचायचे, पोथी पोटावर ठेवायचे. पुढे राण्यांनी हे नाव घेतलं, राजकन्यांनी घेतलं. मग ते एका फुलाला मिळालं, पांढऱ्या पाकळ्यांचं आणि मध्ये पिवळं, ज्याच्या पाकळ्या तोडत पोरी 'त्याचं माझ्यावर प्रेम आहे की नाही' ते बघतात. मग स्वयंपाकिणींना, मोलकरणींना, आणि शेवटी गाईंना. फ्रान्समध्ये गोठ्यात हाक मारली तर एक तरी मार्गरीत वळून बघते म्हणे. ह्यांना हसू आवरेना. बाई शांतपणे म्हणाल्या, "माणूस गाईला आवडतं नाव ठेवतो. नावडतं ठेवून दूध मिळत नाही."

त्यांचं खरं भांडण होतं ते रोमशी. ही कथा घडलीच नसावी म्हणून चर्चने या संतिणीला पंचांगातून काढून टाकलं होतं. वीस जुलै हा तिचा सण. फ्रेंच लोकांत वाढदिवसाइतकाच नावाचा सण मोठा, ज्याचं जे नाव त्याच्या संताच्या दिवशी त्याला केक. आणि इथे दिवसच गेला! बाईंनी बिशपला पत्रं लिहिली. उत्तर आलं नाही. मग त्या दर एक जानेवारीला नवं कॅलेंडर भिंतीवर लावण्याआधी जुलैचं पान उघडायच्या आणि वीस तारखेला लाल शाईने आपलं नाव लिहायच्या. "पोपचं कॅलेंडर पोपच्या घरात," असं म्हणून खिळा ठोकायच्या.

आणि एक पुस्तक होतं. काळ्या चामड्याच्या बांधणीचं, तळहाताएवढं प्रार्थनापुस्तक. त्याच्या पहिल्या कोऱ्या पानावर सात ओळी, सात हस्ताक्षरं, सात वेगवेगळ्या शाया, आणि सातही ठिकाणी एकच नाव. मार्गरीत, मार्गरीत, मार्गरीत. त्यांच्या घराण्यात गॉडमदर, म्हणजे मुलीची मानलेली धर्ममाता, आपलं नाव बाप्तिस्म्याच्या वेळी मुलीला द्यायची, आणि पुस्तकही पुढे तिलाच जायचं. सातवी ओळ बाईंची. त्यांना मूल नव्हतं. भाचीला मुलगी झाली तेव्हा बाई पुस्तक घेऊन गेल्या, तर भाचीने मुलीचं नाव टिफनी ठेवलं. "टिफनी!" बाई मला म्हणाल्या. "ते रंगीत काचांच्या दिव्याचं नाव आहे." त्यानंतर भाचीकडे जाणं बंद. सातव्या ओळीखाली पट्टीने आखलेली एक रेघ होती, रिकामी. ते पान दाखवताना बाई त्या रेघेवरून बोट फिरवत राहिल्या.

तेव्हा मला तिसरा महिना लागला होता. बाईंना हे माझ्या सासूच्या आधी कळलं. त्या वर आल्या, माझ्यासमोर बसल्या आणि सरळ म्हणाल्या, "मुलगी झाली तर माझं नाव दे."

आता आपल्यात अशा वेळी काय म्हणतात? समोर म्हातारी बाई, डोळ्यांत पाणी, दारात उभं राहून सूप देणारी. मी म्हटलं, "बघू."

इंग्रजीतच म्हटलं, पण मनातून मराठीतच होतं. आपल्याकडे "बघू" म्हटलं की विषय संपतो, ऐकणाराही समजून घेतो आणि चहा मागवतो. बाई समजून गेल्या नाहीत. त्या खूश होऊन उठल्या आणि दुसऱ्या दिवसापासून कामाला लागल्या. पांढऱ्या लिननचं टोपडं शिवलं, त्यावर एवढ्याएवढ्या फुलांची वेल, आणि मधोमध रेशमाने भरलेला एम. मला वाटलं, छान आहे, कशाला नाही म्हणा. हे म्हणाले, "तू त्यांना क्लिअर सांग ना यार." मी म्हटलं, "तुम्ही सांगा." हे म्हणाले, "बघू." असे आम्ही दोघे.

नाव तर केव्हाच ठरलं होतं. सासूबाईंनी पुण्याहून कळवलं होतं, मुलगी झाली तर अनघा.

जुलैच्या नऊ तारखेला मुलगी झाली. बाई हॉस्पिटलात आल्या त्या प्रार्थनापुस्तक घेऊनच. माझ्या पोटावर ठेवायला उशीर झाला म्हणून हळहळल्या, आणि मग म्हणाल्या, "अकरा दिवस दम धरता आला नाही का हिला? वीस तारखेला सण होता." मी हसत म्हटलं, "अहो, आमच्यात नाव बाराव्या दिवशी ठेवतात." बाईंनी बोटं मोजली. एकदा, मग पुन्हा एकदा. बारावा दिवस वीस जुलैच येत होता. त्यांनी डोळे मिटून छातीवर क्रॉस काढला.

तेवढ्यात हॉस्पिटलची कारकून मुलगी जन्मनोंदणीचा कागद घेऊन आली. "हे वाचून सही करा," ती म्हणाली आणि स्वतःच वाचू लागली. बाळाचं नाव, मार्गरीत. पुढे आमचं आडनाव. मी झोपले होते तेव्हा बाईंनी सांगून टाकलं होतं. त्यात लबाडी काही नव्हती हो. त्यांच्या लेखी ते ठरलेलंच होतं.

मी म्हटलं, "नाही. नाव खोडा. जागा रिकामी ठेवा."

कारकून गेली. बाई खुर्चीत ताठ बसल्या होत्या. "तू म्हणाली होतीस, बघू."

"हो."

"मग मी सात महिने बघतेच आहे."

"आमच्याकडे 'बघू' म्हणजे नाही," मी कसंबसं म्हटलं.

"मग 'नाही'ला काय म्हणता?"

खरंच, काय म्हणतो आपण? आपण म्हणतच नाही. बाईंनी पुस्तक पिशवीत ठेवलं, बाळाच्या कपाळावर बोट टेकवलं आणि निघून गेल्या.

घरी आले तर झाडू गप्प. एक दिवस, दोन दिवस, आठवडा. नळ सोडून ठेवला तरी ठोका नाही. हे म्हणाले, "चला, शांतता तरी आहे." मी त्यांच्यावर असा आवाज चढवला की बाळ दचकून रडायला लागलं, आणि त्याच्याबरोबर मीही. मला बाईंची आठवण येत होती. आई सांगलीला, सासू पुण्याला, आणि या मुलखात मला कुणी हक्काने ओरडणारं होतं तर त्या बाई. त्यांना मी सात महिने खोट्या आशेवर ठेवलं होतं, केवळ 'नाही' म्हणायला माझी जीभ उचलली नाही म्हणून.

आठव्या दिवशी जिन्यात एक डबा ठेवलेला दिसला. आत टोपडं होतं. वेल जागच्या जागी होती. मधला एम मात्र उसवून काढलेला. सुईची बारीक भोकं तेवढी दिसत होती. चिठ्ठी वगैरे काही नाही. मी जिन्यातच बसले आणि ते टोपडं तोंडाला लावून रडले, लाज न बाळगता.

त्याच दिवशी ह्यांनी पुण्याला फोन लावला. आवाज जाऊन येऊन होता. सासूबाईंनी गुरुजींकडून पंचांग बघून घेतलं होतं आणि त्या ओरडून सांगत होत्या, "मघा नक्षत्र! पहिला चरण! अक्षर 'मा' आलंय! पत्रिकेत जन्मनाव माधवी घाला नाहीतर मालती! हाक मारायला अनघाच!"

मी ह्यांच्या हातून फोन ओढला. "आई, 'मा'वरून दुसरं कुठलंही चालेल का?"

"'मा' आलं म्हणजे झालं. ते नाव कोण घेतंय! बाकी तुमचं तुम्ही बघा."

मी लगेच बघितलं. बाळाला उचललं आणि तशीच खाली गेले. बाईंनी दार उघडलं, पण साखळी काढली नाही. फटीतून एक डोळा आणि अर्धा स्वेटर दिसत होता.

मी म्हटलं, "आमच्याकडे मुलाला दोन नावं असतात. एक हाक मारायचं. दुसरं जन्मवेळेवरून येतं, ते पत्रिकेत लिहितात. त्या नावाने कुणी हाक मारत नाही, पण देवाच्या आणि लग्नाच्या कामाला तेच लागतं. हिचं ते नाव 'मा'ने सुरू व्हायला हवंय. ते मला मार्गरीत ठेवायचंय. आणि या वेळी मी बघू म्हणत नाही, हो म्हणतेय."

त्यांचं नाव असं मी पहिल्यांदाच त्यांच्याशी बोलताना घेतलं होतं, पण ते बाळासाठी, म्हणून जमलं.

फटीतला डोळा बाळाकडे वळला. मग बाई म्हणाल्या, "आमच्याकडे तीन असतात. पहिलं मारी, ते सगळ्याच मुलींना. दुसरं गॉडमदरचं. तिसरं हाकेचं. दुसऱ्या नावाने आमच्यातही फार करून कुणी हाक मारत नाही. ते चर्चच्या वहीत असतं." साखळी निघाली. "म्हणजे तुमच्याकडेही वही आहे."

"आहे."

"मग आधी का नाही बोललीस?"

"सुचलंच नाही."

"तुझ्या सासूला सांगितलंस?"

"अजून नाही."

"ती काय म्हणेल?"

"बघू म्हणेल," मी म्हटलं. बाईंनी आधी डोळे वटारले, मग भिंतीला धरून हसल्या, डोळ्यांतून पाणी येईपर्यंत.

मी त्यांना सांगितलं की नाव आत्याने ठेवायचं असतं, आणि हिची आत्या नागपूरला, तेव्हा आत्या तुम्ही. "आत्या काय करते?" मी म्हटलं, "कानात नाव सांगते आणि पाठीत धपाटे खाते." त्यांनी विचार केला आणि म्हणाल्या, "गॉडमदरला फक्त मेणबत्ती धरावी लागते. पण ठीक आहे."

वीस जुलैला बॉस्टनच्या बाजूने पाचसहा मराठी बायका गाड्या काढून आल्या. पाळणा बाईंच्या माळ्यावरचा. घुगऱ्या डब्यातल्या छोल्यांच्या. बाई निळ्या रेशमी झग्यात, डोक्यावर चर्चची टोपी. कुणी गोविंद घेतला, कुणी गोपाळ घेतला, पोरगी पाळण्याखालून फिरून आली आणि मग बाई वाकल्या. बायकांनी सुरुवात हळूच केली, परकी म्हातारी म्हणून. पण बाई काही उठेनात. कानाशी पुटपुटत राहिल्या. एकीने जोर वाढवला, दुसरीने वाढवला, धपाधप धपाटे पडायला लागले, टोपी घसरली, तरी बाईंचं आपलं चालूच. 'अनघा' म्हणायला एवढा वेळ लागत नाही. काय काय सांगितलं देव जाणे. मोती, सर्प, राण्या, गाई, सगळं सांगितलं असणार.

शेवटी त्या ताठ झाल्या, वळल्या, आणि सगळ्यांत जोरात मारणाऱ्या वहिनींच्या पाठीत एक सणसणीत ठेवून दिली. हशा पिकला. "काय ठेवलं हो नाव?" सगळ्यांनी ओरडून विचारलं. "अनगा!" बाई त्याहून मोठ्याने ओरडल्या.

पत्रिकेत मी स्वतःच्या हाताने लिहिलं, जन्मनाव मार्गरीत. सासूबाईंना कळवलं तेव्हा त्यांनी ते नाव माझ्याकडून तीनदा म्हणवून घेतलं. मग म्हणाल्या, "'मा' आहे ना? मग झालं."

तीन वर्षांनी ह्यांची नोकरी बदलली आणि आम्ही ॲरिझोनात चँडलरला गेलो. तिथे दारात निवडुंग आणि जुलैत चपला डांबराला चिकटतात असा उन्हाळा. दर वर्षी वीस जुलैच्या सुमारास बाईंचं कार्ड यायचं. वाढदिवसाला नाही, सणाला. पाकिटावर नाव मार्गरीत, पुढे आमचं आडनाव. पोस्टमनने एकदा विचारलं, अशी कुणी इथे राहते का? पोरीने पुढे होऊन पाकीट त्याच्या हातातून काढून घेतलं. शाळेत, घरात ती अनघा. पण जुलैतला एक दिवस ती 'अनघा' म्हटलं की ओ देत नसे. कुणावर गेली ते सांगायला नको.

ती पहिलीतून दुसरीत जायची होती त्या वर्षी कार्ड आलं नाही. मी वीस तारखेला तीनदा पेटी उघडून पाहिली. ऑगस्टमध्ये एका रविवारी सकाळी फोन आला. बाईंची भाची बोलत होती, टिफनीची आई. बाई गेल्या होत्या, जूनमध्ये, झोपेत. सामान आवरताना प्रार्थनापुस्तक सापडलं, आणि त्यात चिठ्ठी, की हे शेवटच्या ओळीतल्या मुलीला द्यावं.

"मला वाटलं, शेवटची ओळ मावशीचीच असेल," ती म्हणाली. तिचा आवाज जरा दुखावलेला होता. "पण खाली आठवी आहे. मार्गरीत, आणि पुढे तुमचं आडनाव. बारशाची तारीख घातलीये. ही मार्गरीत कोण?"

टेबलाशी पोरगी दुधातले पोहे खात होती. मी फोन तिच्यापुढे धरला. "मार्गरीत कोण, असं विचारतायत."

तिने घास गिळला. "दॅट्स मी," ती म्हणाली.

पुस्तक आठवड्याने आलं. आम्ही दोघींनी जमिनीवर बसून ते उघडलं. आठव्या ओळीतलं अक्षर बाईंचं, ठसठशीत, लाल शाईतलं. आणि त्याखाली, पट्टी लावून, त्यांनी आणखी एक रेघ आखून ठेवली होती.

"ही कोणाची?" पोरीने विचारलं.

माझ्या तोंडात 'बघू' आलंच होतं. ते मी गिळलं.

"तू जिला हे नाव देशील तिची," मी म्हटलं.